गोळी सुटल्यानंतरचा पहिला दिवस

धाराशिव जिल्ह्यातील माणसाला मोर्चा नवा नाही. पीकविम्याची रक्कम, सोयाबीनचा भाव, पाण्याचे टँकर, आरक्षण, एखाद्या पुतळ्याची विटंबना. कारण कोणतेही असो, लोक जिल्हाधिकारी कचेरीवर चालून जातात किंवा सोलापूर-धुळे महामार्गावर ठिय्या देतात. बहुतेक वेळा तहसीलदार निवेदन स्वीकारतात, चार घोषणा होतात आणि रस्ता मोकळा होतो. या साऱ्या व्यवहारामागे एक मूक समजूत असते. समोर उभ्या असलेल्या शिपायाच्या हातातील बंदूक सहसा चालणार नाही, अशी ती समजूत होय. ज्या दिवशी ती खोटी ठरते त्या दिवशी पुढे काय घडते, कायदा कोणाला आणि केव्हा जाब विचारतो, हा प्रश्न केवळ वकिलांचा नाही. महाराष्ट्राने या प्रश्नाचे उत्तर एका प्रकरणात फार मोठी किंमत देऊन मिळवले आहे. ते प्रकरण मुंबईतील घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरातील गोळीबाराचे.

रमाबाई नगर धाराशिवपासून दूर असले तरी परके नाही. १९७२ च्या दुष्काळानंतर मराठवाड्यातून हजारो कुटुंबे पोटासाठी मुंबईला गेली आणि त्यांनी अशाच वस्त्यांत बिऱ्हाडे थाटली. शिवाय घाटकोपरला जो कायदा लागू होता तोच परंड्याला, कळंबला आणि उमरग्यालाही लागू होता. म्हणून त्या प्रकरणाचा धडा या जिल्ह्यानेही नीट वाचला पाहिजे.

११ जुलै १९९७ रोजी पहाटे वस्तीतील डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला रहिवाशांना आढळला. लोक जमले, संताप उसळला, आणि वस्तीला लागूनच जाणारा पूर्व द्रुतगती महामार्ग अडवण्यात आला. सकाळी साडेसातच्या सुमारास राज्य राखीव पोलीस दलाची तुकडी तेथे पोहोचली. उपनिरीक्षक मनोहर कदम हे तिचे नेतृत्व करीत होते. तुकडी आल्यानंतर काही मिनिटांतच गोळीबार सुरू झाला. दहा माणसे ठार झाली आणि सव्वीस जखमी झाली. चार दिवसांनी, १५ जुलै रोजी, लोकशाहीर विलास घोगरे यांनी मुंबईत आपल्या घरी गळफास घेऊन जीवन संपवले. गोळीबाराच्या धक्क्याने एक कलावंतही गेला, ही भावना तेव्हा सर्वत्र व्यक्त झाली.

राज्यात त्या वेळी शिवसेना-भाजप युतीचे सरकार होते. मनोहर जोशी मुख्यमंत्री होते आणि गोपीनाथ मुंडे यांच्याकडे गृहखाते होते. गोळीबाराचे समर्थन करताना पोलिसांनी सांगितलेले कारण पुढे ‘टँकर’ या एका शब्दाने ओळखले जाऊ लागले. महामार्गावर स्वयंपाकाच्या गॅसचे टँकर उभे होते, जमाव ते पेटवून देण्याच्या बेतात होता, तसे झाले असते तर प्रचंड स्फोट होऊन शेकडो माणसे दगावली असती, म्हणून गोळ्या झाडाव्या लागल्या, असा तो युक्तिवाद होता. हे कारण खरे असते तर कायद्याने त्याचा विचार केलाच असता. कारण जमावावर बळ वापरण्याचा अधिकार कायद्याने पोलिसांना दिला आहे, आणि तो कोणी नाकारलेला नाही. प्रश्न असतो तो त्या अधिकाराच्या मर्यादेचा.

ही मर्यादा कोणती? १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेतील १२९ ते १३२ या कलमांत ती सांगितलेली होती. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू झाली आणि त्याच तरतुदी तिच्या १४८ ते १५१ या कलमांत आल्या. बेकायदा जमावाला, किंवा सार्वजनिक शांतता भंग करण्याचा संभव असलेल्या पाच किंवा अधिक माणसांच्या जमावाला, पांगण्याचा हुकूम देता येतो. हा हुकूम कार्यकारी दंडाधिकाऱ्याने किंवा पोलीस ठाण्याच्या प्रभारी अधिकाऱ्याने द्यावयाचा. तो अधिकारी हजर नसेल तर उपनिरीक्षकाहून कमी दर्जा नसलेल्या पोलीस अधिकाऱ्यालाही तो देता येतो. हुकूम देऊनही जमाव हटला नाही, किंवा हटणार नाही असे त्याच्या वर्तनावरून दिसले, तरच बळाचा वापर करता येतो. पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयाने १९७९ साली करमसिंग विरुद्ध हरदयालसिंग या खटल्यात हाच क्रम स्पष्ट केला. आधी जमाव बेकायदा असला पाहिजे, मग त्याला पांगण्याचा हुकूम दिला गेला पाहिजे, आणि त्यानंतरही तो हटला नसला पाहिजे. जमाव पांगवण्यासाठी लष्कराला पाचारण करावे लागले तरी त्याने कमीत कमी बळ वापरावे आणि जीविताची व मालमत्तेची कमीत कमी हानी करावी, असे संहिता बजावते. जी शिस्त सैनिकाला पाळावी लागते तीतून पोलिसाची सुटका व्हावी, असा अर्थ कोणी काढू शकणार नाही.

कायद्याच्या या रचनेत एक गोष्ट विशेष लक्षात घेण्यासारखी आहे. धाराशिवसारख्या जिल्ह्यात कार्यकारी दंडाधिकारी म्हणजे जिल्हाधिकारी, उपविभागीय अधिकारी आणि तहसीलदार. मोर्चाच्या जागी तहसीलदाराला उभे करण्याचा जो रिवाज आहे, त्याचे मूळ येथे आहे. बळ वापरावे की न वापरावे याचा निर्णय बंदूक हाती असलेल्या खात्याबाहेरच्या माणसाने घ्यावा, हा त्यामागचा शहाणपणा होय. मुंबईसारख्या आयुक्तालयाच्या क्षेत्रात दंडाधिकाऱ्याचे पुष्कळसे अधिकार पोलीस अधिकाऱ्यांकडेच असतात. तेथे हा बाहेरचा माणूस उरत नाही. रमाबाई नगरात महामार्गावर उभ्या असलेल्या हजारो माणसांच्या जीविताचा निर्णय एका उपनिरीक्षकाच्या हाती आला. कायद्याने हा अधिकार जिथपर्यंत खाली उतरू दिला आहे, ती शेवटची पायरी हीच.

गोळीबारानंतर सरकारने चौकशी आयोग नेमला. न्यायमूर्ती एस. डी. गुंडेवार यांच्या आयोगाने १९९८ साली अहवाल दिला. गोळीबार अनावश्यक आणि असमर्थनीय होता, असा निष्कर्ष त्यात होता. टँकरचे समर्थन आयोगाला पटले नाही आणि उपनिरीक्षक कदम यांच्यावर त्याने ठपका ठेवला. वर्ष-सव्वा वर्षात एका न्यायमूर्तीने इतके स्पष्ट मत दिल्यावर प्रश्न संपला, असे सामान्य माणसाला वाटले तर त्यात नवल नाही. परंतु आयोगाचा अहवाल आणि न्यायालयाचा निकाल यांत फार मोठे अंतर असते, आणि ते अंतर लोकांना क्वचितच समजावून सांगितले जाते.

१९५२ च्या चौकशी आयोग कायद्याखाली नेमलेला आयोग साक्षीदार बोलावू शकतो, कागदपत्रे मागवू शकतो. शिक्षा मात्र देऊ शकत नाही. त्याच्यासमोर दिलेले निवेदन, खोट्या साक्षीचा खटला सोडला तर, निवेदन करणाऱ्याविरुद्ध पुढे कोणत्याही दिवाणी वा फौजदारी कामात वापरता येत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९५८ साली रामकृष्ण दालमिया प्रकरणात सांगितले आहे की आयोगाच्या शिफारशी स्वतःहून अंमलात येत नाहीत. अहवाल व त्यावरील कारवाईचे निवेदन सहा महिन्यांत विधिमंडळापुढे ठेवावे, एवढेच बंधन सरकारवर आहे. म्हणजे आयोग सत्य सांगू शकतो, पण त्या सत्याचा पुरावा होण्यासाठी सारे काम न्यायालयात पुन्हा पहिल्यापासून करावे लागते. तोपर्यंत साक्षीदारांच्या आठवणी पुसट होतात, माणसे वस्ती सोडून जातात, काही दगावतात.

तरीही चौकशीची मागणी ही क्षुल्लक मागणी नव्हे. ज्या राज्यात आपण राहतो त्याच्या जन्मकथेतच गोळीबार आहे. संयुक्त महाराष्ट्राच्या आंदोलनात मुंबईत पोलिसांच्या गोळ्यांना जे बळी पडले त्यांच्या स्मरणार्थ फ्लोरा फाउंटनपाशी हुतात्मा स्मारक उभे आहे. १९५६ साली अर्थमंत्री चिंतामणराव देशमुख यांनी केंद्रीय मंत्रिमंडळाचा राजीनामा दिला, तेव्हा मुंबईच्या प्रश्नाबरोबरच या गोळीबाराची न्यायालयीन चौकशी नाकारली गेल्याबद्दलही त्यांनी लोकसभेत खेद व्यक्त केला होता. चौकशी नाकारणारे सरकार आणि चौकशी नेमणारे सरकार यांत फरक आहेच. परंतु चौकशी नेमली म्हणजे जाब विचारला, असे मानण्याची सवय जडली की तो फरक हळूहळू नाहीसा होतो.

पहिली चौकशी चुकीचीही असू शकते, याचे उदाहरण विलायतेने दिले आहे. ३० जानेवारी १९७२ रोजी उत्तर आयर्लंडमधील डेरी शहरात ब्रिटिश सैनिकांनी नागरी हक्कांसाठी निघालेल्या मोर्चावर गोळ्या झाडल्या आणि तेरा माणसे त्याच दिवशी मरण पावली. मुख्य न्यायाधीश लॉर्ड विजरी यांचा अहवाल एप्रिलमध्येच आला आणि त्याने सैनिकांना बहुतांशी दोषमुक्त केले. मृतांच्या नातेवाइकांनी तो कधीच मान्य केला नाही. १९९८ साली लॉर्ड सॅव्हिल यांची नवी चौकशी सुरू झाली, तिचा अहवाल २०१० साली आला, आणि त्यानंतर पंतप्रधानांनी संसदेत माफी मागितली. घटना आणि माफी यांत ३८ वर्षे गेली. पहिल्या काही दिवसांत पुरावा कसा गोळा झाला, कोणाचे म्हणणे नोंदले गेले आणि कोणाचे दुर्लक्षिले गेले, याची किंमत दोन पिढ्यांनी मोजली.

रमाबाई नगराच्या प्रकरणात आयोगाच्या वाटेबरोबर दुसरी वाटही चालावी लागली. ती फौजदारी खटल्याची वाट होती. ७ मे २००९ रोजी शिवडी येथील जलदगती सत्र न्यायालयाने मनोहर कदम यांना सदोष मनुष्यवधाबद्दल दोषी ठरवले आणि जन्मठेपेची शिक्षा सुनावली. अपिलाच्या टप्प्यावर उच्च न्यायालयाने थोड्याच अवधीत त्यांना जामीन दिला. जुलै १९९७ ते मे २००९ ही जवळजवळ बारा वर्षे होतात. गोळीबाराच्या वर्षी पहिलीत बसलेले मूल निकालाच्या वर्षी बारावीची परीक्षा देऊन मोकळे झाले होते. ‘जलदगती’ या शब्दाचा अर्थ येथे केवळ न्यायालयाच्या पाटीपुरता उरला.

या निकालाचे महत्त्व मात्र विलंबाने कमी होत नाही. जमावावरील गोळीबाराबद्दल आदेश देणाऱ्या पोलीस अधिकाऱ्याला फौजदारी न्यायालयाने दोषी ठरवावे, ही आपल्या देशात दुर्मीळ गोष्ट आहे. कलम ३०४ का लावले जाते, हेही समजून घेण्यासारखे आहे. लोकसेवकाने न्याय पुढे नेण्याच्या कामात सद्भावनेने, पण आपल्या अधिकाराची मर्यादा ओलांडून कोणाचा मृत्यू घडवून आणला तर भारतीय दंडसंहिता त्याला खून न मानता सदोष मनुष्यवध मानत असे. नव्या न्यायसंहितेतही हे तत्त्व कायम आहे. म्हणजे कायदा पोलिसाच्या अडचणीकडे डोळेझाक करीत नाही. दगडफेकीत सापडलेल्या, संख्येने अपुऱ्या, रात्रभर जागलेल्या तुकडीला क्षणात निर्णय घ्यावा लागतो, हे त्याला ठाऊक आहे. बंदोबस्तावर पोलीसही जखमी होतात, प्राणास मुकतात. परंतु अडचण समजून घेणे वेगळे आणि जाबातून सूट देणे वेगळे. कायद्याने पहिली गोष्ट केली आहे, दुसरी केलेली नाही.

बारा वर्षे का लागली, या प्रश्नाचे उत्तर एखाद्या व्यक्तीच्या आळसात शोधण्यापेक्षा व्यवस्थेच्या रचनेत शोधावे लागते. गोळीबार झाला की पहिली नोंद बहुधा जमावाविरुद्ध होते. दंगल, सरकारी कामात अडथळा, मालमत्तेचे नुकसान, अशी कलमे त्या नोंदीत येतात. गोळी कोणी झाडली, कोणाच्या हुकुमाने झाडली, त्याआधी इशारा दिला होता काय, याची नोंद त्याच कागदावर कोणी स्वतःहून करीत नाही. दुसरे म्हणजे तपास पोलिसांचाच असतो. तिसरे म्हणजे आयोग नेमला गेला की ‘अहवाल येऊ द्या’ या सबबीखाली फौजदारी कारवाई मागे पडते. आणि चौथे म्हणजे पूर्वमंजुरी. जमाव पांगवताना केलेल्या कृत्याबद्दल पोलिसावर खटला भरावयाचा असेल तर सरकारची मंजुरी लागते. ज्या सरकारचा पोलीस, त्याच सरकारची मंजुरी, आणि ती किती दिवसांत द्यावी याला जुन्या संहितेत मुदतच नव्हती. सरकारी दप्तरात कागद कसा निजतो हे कारकुनाला सांगावे लागत नाही.

याच महाराष्ट्रातील दुसरे एक प्रकरण पहिल्या दिवसाच्या नोंदीचे मोल दाखवून देते. ११ नोव्हेंबर २००६ रोजी रामनारायण गुप्ता ऊर्फ लखनभैया या इसमाला मुंबईत वर्सोवा येथे चकमकीत ठार केल्याचे पोलिसांनी जाहीर केले. त्याच्या वकील भावाने मात्र त्याच दिवशी, मृत्यूची बातमी येण्यापूर्वी, वरिष्ठ अधिकाऱ्यांना तारा पाठवल्या होत्या. भावाला वाशीहून उचलून नेण्यात आले आहे आणि त्याच्या जिवाला धोका आहे, असे त्यांत म्हटले होते. दुपारी उचललेला माणूस रात्री अचानक पोलिसांवर चालून आला, या कथेला त्या तारांच्या वेळेने छेद दिला. उच्च न्यायालयाच्या आदेशाने दंडाधिकाऱ्याची चौकशी झाली, २००९ साली विशेष तपास पथक नेमले गेले, आणि जुलै २०१३ मध्ये सत्र न्यायालयाने १३ पोलिसांसह २१ जणांना दोषी ठरवले. एक महत्त्वाचा साक्षीदार २०११ साली साक्षीपूर्वीच मृतावस्थेत आढळला होता. तरीही खटला उभा राहिला. १९ मार्च २०२४ रोजी उच्च न्यायालयाने बहुतेक पोलिसांची शिक्षा कायम केली आणि खालच्या न्यायालयात सुटलेले अधिकारी प्रदीप शर्मा यांनाही जन्मठेप सुनावली. ज्या महिन्यात सत्र न्यायालयाचा निकाल लागला त्याच महिन्यात देशातील तारसेवा बंद झाली. पण तारेच्या कागदाने आपले काम तोवर केले होते.

मुंबईत १९९५ ते १९९७ या काळात झालेल्या ९९ चकमकी आणि त्यांत गेलेले सुमारे १३५ जीव यांविषयीची एक याचिका पीपल्स युनियन फॉर सिव्हिल लिबर्टीज या संघटनेने लढवली. तिचा निकाल सर्वोच्च न्यायालयाने २३ सप्टेंबर २०१४ रोजी दिला आणि १६ निर्देश घालून दिले. चकमकीत मृत्यू झाला की गुन्हा नोंदवून तो विनाविलंब न्यायालयाला कळवावा. तपास गुन्हे अन्वेषण विभागाने किंवा दुसऱ्या पोलीस ठाण्याच्या पथकाने वरिष्ठ अधिकाऱ्याच्या देखरेखीखाली करावा. दंडाधिकाऱ्याची चौकशी व्हावी. संबंधित पोलिसांनी शस्त्रे तपासणीसाठी जमा करावीत. आणि शौर्य निःसंशय सिद्ध होईपर्यंत बक्षिसे वा बढत्या देऊ नयेत, हे त्यांतील काही. साऱ्या निर्देशांचा रोख एकच आहे. पुरावा पहिल्या दिवशी, ज्याच्यावर संशय आहे त्याच्या हाताबाहेर गेला पाहिजे.

निर्देश असले म्हणजे ते पाळले जातात असे नाही. त्या निकालाला बरोबर दहा वर्षे झाली त्याच तारखेला, २३ सप्टेंबर २०२४ रोजी, बदलापूरच्या शाळेतील बालिकांवरील अत्याचाराच्या प्रकरणातील आरोपी पोलिसांच्या गाडीतून नेला जात असताना मुंब्र्याजवळ पोलिसाच्या गोळीने ठार झाला. गुन्हा इतका घृणास्पद होता की काही लोकांनी पेढे वाटले. न्यायदंडाधिकाऱ्याच्या चौकशीने मात्र जानेवारी २०२५ मध्ये गाडीतील पाच पोलिसांना मृत्यूस जबाबदार धरले. तरीही त्यांच्याविरुद्ध गुन्हा नोंदवला गेला नाही. दखलपात्र गुन्हा दिसत असेल तर तो नोंदवणे बंधनकारक आहे, असे सांगून उच्च न्यायालयाला ७ एप्रिल २०२५ रोजी विशेष तपास पथकाचा आदेश द्यावा लागला. पेढे वाटणाऱ्यांना एक गोष्ट उमगली नव्हती. आरोपीबरोबर त्या बालिकांचा खटलाही संपला, आणि शाळेच्या दाराआड काय घडले हे आरोपीच्या उलटतपासणीतून बाहेर येण्याची वाट बंद झाली.

येथे कायद्यातील एक मोठी फट नजरेस येते. २०१४ चे निर्देश चकमकींसाठी आहेत. एका गुन्हेगाराला गोळी घातली तर तपास कोणी व कसा करावा हे आज कागदावर तरी ठरलेले आहे. परंतु मोर्चातील शेतकऱ्याला, विद्यार्थ्याला किंवा रस्त्याकडेला उभ्या असलेल्या बघ्याला गोळी लागली तर तीच शिस्त तितक्याच स्पष्ट शब्दांत लागू करणारा नियम त्या निकालात नाही. ९ ऑगस्ट २०११ रोजी मावळात पवना जलवाहिनीच्या विरोधात द्रुतगती मार्गावर आलेल्या शेतकऱ्यांपैकी एका स्त्रीसह तिघे पोलिसांच्या गोळ्यांनी मेले, तेव्हाही न्यायमूर्ती एम. जी. गायकवाड यांचा चौकशी आयोग नेमला गेला. तामिळनाडूत थुथुकुडी येथे मे २०१८ मध्ये तेरा आंदोलक ठार झाले आणि न्यायमूर्ती अरुणा जगदीशन आयोगाचा अहवाल २०२२ साली आला. मार्ग तोच राहिला. आधी आयोग, मग प्रतीक्षा.

ही फट बुजवणे अवघड नाही. जमावावरील गोळीबारात मृत्यू झाला की त्याच दिवशी त्या मृत्यूचा स्वतंत्र गुन्हा नोंदवावा, तपास जिल्ह्याबाहेरील यंत्रणेकडे द्यावा, वापरलेली शस्त्रे व झाडलेल्या गोळ्यांचा हिशेब न्यायालयाच्या स्वाधीन करावा, आणि गोळीबाराचा हुकूम कोणी, किती वाजता, कोणत्या इशाऱ्यानंतर दिला हे हुकूम देणाऱ्याने त्याच दिवशी स्वहस्ते लिहून द्यावे. आयोग हवा तर नेमावा, पण त्याच्यासाठी तपास थांबवू नये. पूर्वमंजुरीच्या बाबतीत नव्या संहितेने एक पाऊल पुढे टाकले आहे. लोकसेवकावरील खटल्यांसंबंधीच्या कलम २१८ नुसार सरकारने १२० दिवसांत निर्णय घेतला नाही तर मंजुरी दिली आहे असे समजले जाते. गोळीबारासंबंधीच्या कलम १५१ खालील मंजुरीलाही अशीच मुदत घातली गेली तर दप्तरातील कागदाची झोप मोडेल.

धाराशिवच्या शिक्षकाला, कारकुनाला, विद्यार्थ्याला यात काय करता येण्यासारखे आहे, असे कोणी विचारील. पुष्कळ करता येण्यासारखे आहे. पंचनाम्यासाठी पंच म्हणून सरकारी नोकराला बोलावण्याची आपल्याकडे पद्धत आहे. तलाठी, शिक्षक, पंचायत समितीतील कारकून हेच बहुधा त्या कागदावर सही करतात. पुढे दहा-बारा वर्षांनी सत्र न्यायालयात जो कागद उघडला जातो तो हाच. रिकाम्या काडतुसांची संख्या, रक्ताच्या डागाची जागा, मृतदेह आणि पोलिसांची गाडी यांतील अंतर, हे प्रत्यक्ष पाहून लिहिले आहे की ठाण्यात बसून, हे त्या पंचाला ठाऊक असते. न वाचता केलेली सही ही त्या दिवशी केवळ शिष्टाचार वाटते. खटल्यात तीच मृताच्या बाजूचा पुरावा नाहीसा करते. वाचून, चूक दाखवून, दुरुस्त करून मगच सही करण्याचा अधिकार प्रत्येक पंचाला आहे, आणि त्यासाठी कोणा वरिष्ठाची परवानगी लागत नाही.

साक्षीदाराचेही तसेच. ज्याने घटना पाहिली त्याचा जबाबही तितकाच मोलाचा असतो. तार गेली, पण गुन्ह्याची खबर इलेक्ट्रॉनिक मार्गाने देण्याची आणि तीन दिवसांत त्यावर सही करण्याची सोय नव्या संहितेत आहे. पाठवल्याची वेळ त्यावर उमटते, आणि वेळेचे मोल काय असते हे २००६ सालच्या तारांनी दाखवून दिले आहे. तहसीलदाराने मोर्चाच्या जागी हजर असताना काय पाहिले, काय सांगितले, हे आपल्या दैनंदिनीत लिहिले तर तोही पुढे तितकाच मोलाचा कागद ठरेल. जिल्हा न्यायालयात दाद लागली नाही तर उच्च न्यायालयाचे खंडपीठ छत्रपती संभाजीनगरला आहे. त्यासाठी मुंबई गाठावी लागत नाही.

रमाबाई नगरातील दहा माणसांना न्याय मिळाला की नाही, याबद्दल दोन मते असू शकतील. अकरा वर्षे दहा महिन्यांनी एका अधिकाऱ्याला शिक्षा झाली आणि तो लवकरच जामिनावर सुटला, एवढ्याला न्याय म्हणावयाचे की नाही, हे त्या वस्तीने ठरवावे. मात्र एक गोष्ट निर्विवाद आहे. तेथील लोकांनी मृतांची नावे दरवर्षी ११ जुलैला घेतली, साक्षी दिल्या, आणि टँकरची कथा स्वीकारली नाही. त्यांच्याजवळ सत्ता नव्हती. जे पाहिले त्यावर ठाम राहण्याची ताकद होती. बारा वर्षे त्या ताकदीवर खटला उभा राहिला. पुढच्या वेळी ही बारा वर्षे कोणाच्या वाट्याला येऊ नयेत असे वाटत असेल, तर पहिल्या दिवशीचा कागद खरा लिहिला गेला पाहिजे. त्या कागदाखाली ज्यांची सही असते, ती माणसे याच जिल्ह्यातील शाळांत आणि कचेऱ्यांत आज काम करीत आहेत.